जानवं नाकारणारे नानक, जानव्यासाठी शिर देणारे तेगबहादूर

नोव्हेंबर २०२५मध्ये शिखांचे नववे गुरू तेगबहादूर यांच्या बलिदानाला ३५० वर्षं झाली. भाषणं झाली, लेख आले, ‘हिंद दी चादर’ (हिंदुस्थानवर पांघरूण घालणारे, म्हणजे रक्षणकर्ते) हे त्यांचं बिरूद पुष्कळांच्या कानावर पडलं. प्रसंग थोडक्यात असा. औरंगजेबाच्या राज्यात काश्मीरच्या पंडितांवर धर्म बदलण्याची सक्ती होऊ लागली. शीख परंपरा सांगते की त्यांची मंडळी गाऱ्हाणं घेऊन आनंदपूरला गुरूंकडे आली. गुरूंनी त्यांचं दुखणं अंगावर घेतलं आणि १६७५च्या नोव्हेंबरात दिल्लीच्या चांदनी चौकात त्यांचा शिरच्छेद झाला. आज त्या जागी सीसगंज गुरुद्वारा आहे.

इथवर गोष्ट सरळ आहे. पण तिच्या मागे दोनशे वर्षं गेलं की गाठ लागते. शिखांचे पहिले गुरू नानक यांनी मुंजीच्या वेळी जानवं घालायलाच नकार दिला होता, असं हीच परंपरा सांगते. त्यावर त्यांचं पदही आहे: दयेचा कापूस, संतोषाचं सूत, संयमाची गाठ आणि सत्याचा पीळ असलेलं जानवं असेल तर घाला, कारण ते तुटत नाही, मळत नाही, जळत नाही. म्हणजे पहिल्या गुरूंनी जे नाकारलं, तेच गळ्यात ठेवण्याच्या दुसऱ्यांच्या हक्कासाठी नवव्या गुरूंनी मान दिली.

ही सांगड लागली की शीख धर्म निम्मा कळला. उरलेला निम्मा लंगरात, म्हणजे गुरुद्वाऱ्यातल्या सगळ्यांच्या एकत्र पंगतीत कळतो, तिकडे येऊच.

सुरुवात एका आकड्यापासून

शिखांचा धर्मग्रंथ ‘गुरू ग्रंथ साहिब’ उघडला की पहिलं चिन्ह येतं ते अक्षर नसून आकडा आहे: १. त्याला जोडून ओंकार. याला ‘इक ओंकार’ म्हणतात आणि पुढच्या ओळीभरात त्या एकाचं वर्णन येतं. त्याचं नाव सत्य आहे, तो कर्ता आहे, निर्भय आहे, निर्वैर आहे, काळापलीकडचा आहे, जन्माला न येणारा आहे, स्वयंभू आहे आणि गुरूच्या कृपेने लाभतो. या ओळीला मूलमंत्र म्हणतात. पुढची १,४३० पानं म्हणजे एका परीने तिचाच विस्तार.

त्यातल्या ‘निर्वैर’ शब्दापाशी जरा थांबावं. ज्याला कुणाचं वैर नाही, तो अमक्या जमातीचा देव आणि तमक्या जमातीचा शत्रू कसा असेल? म्हणूनच ग्रंथात राम, हरी, गोविंद, अल्ला, रब अशी सगळी नावं त्या एकालाच लावलेली दिसतात. शीख माणूस रोजच्या तोंडी ‘वाहेगुरू’ म्हणतो. तो जन्म घेत नाही, म्हणून अवताराची कल्पना नाही. त्याला आकार नाही, म्हणून मूर्ती नाही.

ग्रंथात कबीरांचं एक पद आहे. एकाच प्रकाशातून सगळं जग उपजलं, मग चांगला कोण आणि वाईट कोण, असं ते विचारतात. शीख धर्मातली समता अशी येते. ती वेगळा नियम म्हणून वरून चिकटवलेली नाही. देव एक मानला की माणसांत वरचा-खालचा करायला जागाच उरत नाही.

यावरून ‘सगळे धर्म सारखेच’ असं नानक म्हणाले, असा समज पसरला आहे. ते इतकं गुळमुळीत बोलत नव्हते. पंडिताला, मुल्लाला, योग्याला, तिघांनाही त्यांनी खडे बोल सुनावले आहेत. नमाज पढायची तर सत्य, हक्काची कमाई यांची पढ, असं ते मुसलमानाला सांगतात, आणि सोवळं-ओवळं मनाचं पाळ, असं हिंदूला. आधी जिथे आहेस तिथे तरी खरा हो, असा त्यांचा रोख.

मग बिघडतं कुठे?

देव एक, प्रकाश एक, तरी माणसं एकमेकांच्या उरावर का बसतात? यावर शीख विचाराचं उत्तर एका शब्दात आहे: हउमै. ‘मी’पणा म्हणा. हा नुसता गर्व नव्हे. मोबाइलचा कॅमेरा सेल्फीवर अडकून बसावा तसं हे आहे. समोर डोंगर असो, समुद्र असो, पडद्यावर आपलंच तोंड मोठं दिसतं आणि बाकीचं जग कोपऱ्यात कापलं जातं. जग कुठे गेलेलं नसतं, फक्त आपल्याला दिसत नाही. काम, क्रोध, लोभ, मोह, अहंकार या पाच चोरांना दार उघडून देतो तो हाच.

यावर इलाज म्हणून उपास, तीर्थयात्रा, अंगाला राख, संन्यास हे सगळं त्या काळी उपलब्ध होतंच. नानकांनी त्यातलं काही घेतलं नाही, कारण ‘मी इतके उपास केले’ म्हणत तो ‘मी’ आणखी फुगतो, हे त्यांनी पाहिलं होतं. त्याऐवजी ते ‘हुकूम’ मानायला सांगतात. जग एका नियमाने चाललं आहे, आपणही त्यातच आहोत, तेव्हा त्याच्याशी भांडत बसण्यापेक्षा त्याच्या लयीत चाला. कर्म आणि पुनर्जन्म शीख धर्म मानतो, मात्र सुटका अखेर कृपेने होते, हिशेबाने नव्हे, असं त्याचं म्हणणं.

हात कामात, चित्त ठिकाणावर

रोजच्या जगण्यासाठी तीन गोष्टी सांगितल्या जातात. नाम जपणं, किरत करणं म्हणजे कष्टाची प्रामाणिक कमाई, आणि वंड छकणं म्हणजे वाटून खाणं. कमाईचा दहावा भाग समाजासाठी काढायची रीत आहे, तिला दसवंध म्हणतात.

मधली गोष्ट मराठी माणसाला समजावून सांगायला ग्रंथातलाच एक संवाद पुरे आहे. कबीरांच्या दोह्यांमध्ये तो येतो आणि बोलणारे आहेत आपले नामदेव आणि त्यांचे मित्र त्रिलोचन. त्रिलोचन टोमणा मारतात: नामा, तू मायेत गुंतलास, कापडं कसली छापत बसतोस, रामाकडे चित्त का लावत नाहीस? नामदेव उत्तर देतात: ‘नामा कहै तिलोचना मुख ते रामु सम्हालि, हाथ पाउ करि कामु सभु चीतु निरंजन नालि.’ मुखाने राम घे, हातापायांनी सगळी कामं कर, चित्त तेवढं निरंजनापाशी असू दे.

शीख धर्मात भिक्षा मागणारा साधू आदर्श का नाही, ते यात आलं. स्वतः नानक सुलतानपूर लोधीला सरकारी धान्यकोठारात नोकरी करत होते. पुढे लांबलांबच्या यात्रा केल्या, सोबत रबाब वाजवणारा मुसलमान मित्र मर्दाना होता. अखेरची वर्षं मात्र रावीकाठी कर्तारपूरला शेती करण्यात गेली. हेच ते कर्तारपूर, आज पाकिस्तानात असलेलं, जिथे जायला २०१९मध्ये खास मार्गिका खुली झाली. त्यांचा मोठा मुलगा श्रीचंद विरक्त वृत्तीचा होता. गादी त्याला न देता नानकांनी लहणा नावाच्या संसारी शिष्याला दिली. तेच दुसरे गुरू अंगद.

विचाराची सोय लावणारे गुरू

समतेचं बोलणारे संत त्या काळात भारतभर होते. महाराष्ट्रात तर पिढ्यान् पिढ्या झाले. मग शीख गुरूंनी वेगळं काय केलं? माझ्या मते त्यांचं मोठेपण इथे आहे: ते विचार सांगून थांबले नाहीत, तो अंगवळणी पडेल अशी सोय करत गेले.

लंगर हे त्याचं ठळक उदाहरण. नानकांनी सुरू केलेली ही पद्धत दुसऱ्या गुरूंच्या पत्नी माता खीवी यांनी नावारूपाला आणली. त्यांच्या लंगरात तूप घातलेली खीर मिळते, असा उल्लेख खुद्द गुरू ग्रंथ साहिबात आहे. धर्मग्रंथात खिरीची तारीफ यावी, हे मला फार आवडतं. तिसरे गुरू अमरदास यांनी दंडक घातला: पहिले पंगत, फिर संगत. गुरूंना भेटायचं तर आधी सगळ्यांबरोबर जमिनीवर बसून जेवायचं. अकबर बादशहाही असाच पंगतीला बसला, अशी आठवण परंपरेने जपली आहे.

याचं वजन कळायला आपल्याकडच्या जुन्या पंगती आठवाव्यात. कोण कुणाच्या शेजारी बसेल, कुणाला आधी वाढायचं, कुणाला उष्टं, यावरच जातीचं सगळं राज्य उभं होतं. रोटीबेटी म्हणतात त्यातली रोटी ती. भाषणाने जात हलत नाही, हे त्या गुरूंनी ओळखलं आणि थेट रोटीलाच हात घातला. लंगरात पोळीला ‘परशादा’ म्हणतात. वाढणारा सेवादार ‘परशादा जी, वाहेगुरू’ म्हणत येतो, तुम्ही दोन्ही हात पुढे करायचे, तो वरून पोळी सोडतो. करोडपती असला तरी हात पसरल्याशिवाय पोळी नाही. हउमैवरचं इतकं साधं औषध दुसरं पाहण्यात नाही.

अशा सोयी पुढेही होत गेल्या. दुसऱ्या गुरूंनी गुरुमुखी लिपी घडवून रुळवली, म्हणजे वाणी संस्कृत किंवा फारसी न जाणणाऱ्यालाही वाचता यावी. अमरदासांनी सती आणि पडद्याला विरोध केला. चौथे गुरू रामदास यांनी अमृतसर वसवलं. पाचवे अर्जनदेव यांनी तिथे हरिमंदिर, म्हणजे आजचं सुवर्णमंदिर बांधलं, त्याला चारी दिशांना दारं आहेत.

ग्रंथाला गुरू मानतात म्हणजे नेमकं काय?

गुरुद्वाऱ्यात ग्रंथावर चवरी ढाळतात, पहाटे त्याचा ‘प्रकाश’ होतो, रात्री ‘सुखासन’, म्हणजे त्याला विधिपूर्वक विश्रांतीला नेतात. हे पाहून कुणीही विचारेल, मूर्ती नको म्हणणाऱ्यांनी पुस्तकाची पूजा मांडली की काय?

शिखांचं उत्तर असं की मान कागदाला नाही, शब्दाला आहे. मुळात गुरू म्हणजे देह नव्हे, त्याच्यातून बोलणारा शब्द, असं नानकांपासून मानलं गेलं. दहावे गुरू गोविंदसिंग १७०८ साली नांदेडला होते. तिथे त्यांनी देह ठेवला आणि त्याआधी सांगितलं की यापुढे कुणी माणूस गुरू नाही, ग्रंथच गुरू. वारसाहक्काची भांडणं, गादीवरून फाटाफूट हे सगळं त्यांच्या घराण्याने सोसलेलं होतं. तेव्हा या निर्णयात अध्यात्म आहे तसं व्यवहाराचं शहाणपणही आहे. ग्रंथाला मुलं नसतात, भाऊबंद नसतात. नांदेडचं तख्त सचखंड श्री हजूर साहिब शिखांच्या पाच तख्तांपैकी, म्हणजे धर्मपीठांपैकी एक आहे ते यामुळे. तिथले काही रिवाज पंजाबपेक्षा निराळे आहेत. दिव्यांची आरती होते, गुरू गोविंदसिंगांच्या नावे असलेला दसम ग्रंथही शेजारी ठेवतात. त्यावरून शिखांमध्येच मतभेद आहेत.

आणि या गुरूच्या पोटात कोण कोण आहे ते पाहिलं की ‘वैश्विक’ वगैरे मोठे शब्द वापरावे लागत नाहीत. १६०४ साली अर्जनदेवांनी पहिलं संकलन केलं तेव्हा गुरूंच्या वाणीबरोबर शीख नसलेल्यांची वाणीही घेतली. सूफी शेख फरीद, विणकर कबीर, चर्मकार रविदास, न्हावी सैन, खाटीक सधना, ब्राह्मण जयदेव. धर्म स्थापन करणाऱ्यांनी परधर्मीयांची पदं आपल्याच धर्मग्रंथात, त्यांच्याच नावाने, गुरूच्या दर्जाने बसवावीत, असं उदाहरण सहसा सापडत नाही.

नामदेवांची ६१ पदं त्यात आहेत. त्यातलं एक देवळातून हाकलल्याचं आहे. हसत खेळत तुझ्या देवळात आलो, भक्ती करत असता नामाला धरून उठवलं, माझी जात हीन आहे यादवराया, मला शिंप्याच्या जन्माला का घातलंस, असं ते विचारतात. पुढे देऊळच फिरून नामदेवांकडे तोंड करतं. हे पद म्हणून झाल्यावर शीख माणूस ज्या ग्रंथापुढे डोकं टेकवतो, त्यात हा हाकललेला शिंपीच बसलेला असतो. पंजाबात गुरदासपूर जिल्ह्यातलं घुमान हे गाव नामदेवांचं म्हणून ओळखलं जातं. २०१५मध्ये अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन तिथे भरलं होतं.

शिकवण निर्वैर, मग कंबरेला कृपाण कशाला?

हा प्रश्न बहुतेकांच्या मनात असतो, विचारत कुणी नाही.

पहिल्या पाच गुरूंच्या हाती शस्त्र नव्हतं. १६०६मध्ये जहांगीरच्या काळात अर्जनदेवांना लाहोरात हालहाल करून मारलं. त्यांचे पुत्र सहावे गुरू हरगोविंद यांनी दोन तलवारी बांधल्या, एक मीरीची म्हणजे ऐहिक सत्तेची, दुसरी पीरीची म्हणजे अध्यात्माची. अन्याय होत असताना नाम जपत बसणं ही भक्ती नव्हे, हा त्यामागचा अर्थ. पुढे १६९९च्या वैशाखीला आनंदपूरला गोविंदसिंगांनी खालसा पंथ, म्हणजे दीक्षा घेतलेल्या शिखांचा समूह, उभा केला. शिर कोण देतो, असं विचारल्यावर उठलेले पाच जण, पंज प्यारे, निरनिराळ्या जातींचे आणि निरनिराळ्या प्रांतांचे होते. लाहोरचे, हस्तिनापूरचे, जगन्नाथपुरीचे, द्वारकेचे, बीदरचे. त्यांना दीक्षेचं अमृत देऊन झाल्यावर गुरू त्यांच्यापुढे हात जोडून उभे राहिले आणि त्यांच्याकडून स्वतः अमृत घेतलं. गुरूच शिष्य झाला. मला तलवारीपेक्षा हा भाग जास्त धारदार वाटतो.

केस, कंघा (कंगवा), कडा (हातातलं कडं), कछेरा (आखूड विजार), कृपाण हे पाच ककार, म्हणजे ‘क’ने सुरू होणारी पाच चिन्हं, तेव्हापासूनचे. कृपाणीबद्दलचा नियम गोविंदसिंगांनी औरंगजेबाला लिहिलेल्या फारसी पत्रात, जफरनाम्यात आहे: सगळे उपाय संपले की मगच तलवारीला हात घालणं रास्त. आणि निर्वैर म्हणजे काय, ते आनंदपूरच्या लढाईतल्या भाई कन्हैयांच्या कथेतून सांगतात. हे गृहस्थ जखमी मुघल सैनिकांनाही पाणी पाजत होते. शिखांनी तक्रार केली. गुरूंनी बोलावून विचारलं, तेव्हा ते म्हणाले, मला सगळ्यांत तुमचंच तोंड दिसतं. गुरूंनी त्यांना मलमपट्टीचं सामानही दिलं. भारतीय राज्यघटनेच्या कलम २५च्या स्पष्टीकरणात कृपाण बाळगणं हा शीख धर्माचरणाचा भाग मानला आहे.

आता तेगबहादूरांची गाठ सुटते. जानवं घालावं की नाही, हा एक प्रश्न. ते कुणी मानगूट धरून तोडावं की नाही, हा दुसरा. नानकांनी पहिल्याला ‘नको’ म्हटलं, तेगबहादूरांनी दुसऱ्याला. दोघांचाही आधार तोच. प्रकाश सगळ्यांत एकच असेल, तर दुसऱ्याच्या श्रद्धेवर जबरदस्ती करायचा अधिकार बादशहालाही नाही.

हे सगळं हिंदू धर्मातलंच नाही का?

मराठी घरांत ‘शीख म्हणजे हिंदूंची लढाऊ शाखा’ असं सहज म्हटलं जातं, आपुलकीनेच. पण ते शिखांना खटकतं, आणि का ते समजून घ्यायला हवं. शब्दसंपत्ती सामायिक आहे, नानक खत्री घराण्यात जन्मले, काही घरांत एक भाऊ शीख नि दुसरा हिंदू असंही पिढ्यान् पिढ्या होतं. तरीही वेदांचं अंतिम प्रामाण्य, वर्णव्यवस्था, अवतार हे तिन्ही शीख धर्म मानत नाही. त्याचा ग्रंथ, दीक्षा, लग्नविधी स्वतंत्र आहेत. त्यांच्या विवाहाचा आनंद विवाह कायदा १९०९चा आहे. त्याच कलम २५मध्ये एका मर्यादित कारणापुरतं ‘हिंदू’ शब्दात शीख, जैन, बौद्ध यांना धरलं आहे आणि त्यावर शिखांमध्ये नाराजी आहे. ‘हिंदू आणि इस्लामचं मिश्रण’ हेही असंच सोपं करून सांगणं. शेजारी असणं वेगळं, एकाच घरात असणं वेगळं.

इतकी समता, मग जात गेली का?

नाही गेली. पंजाबातल्या कित्येक गावांत जाट शिखांचा गुरुद्वारा वेगळा, मजहबी आणि रविदासी या दलित मंडळींचा वेगळा. स्मशानंही वेगळी असतात. लग्नाच्या जाहिराती वाचल्या की उरलेलं कळतं. शिखांची आचारसंहिता, रहत मर्यादा, जात मानू नका असं स्वच्छ सांगते, तरीही. बायकांबद्दल नानकांनी लिहून ठेवलं, जिच्या पोटी राजे जन्मतात तिला वाईट कसं म्हणावं. पण सुवर्णमंदिराच्या गाभाऱ्यात कीर्तनाची सेवा पुरुष रागीच, म्हणजे पुरुष कीर्तनकारच करत आले आहेत. स्त्रियांनाही ती मिळावी असा ठराव पंजाब विधानसभेने २०१९मध्ये केला होता.

पण या धर्माकडे स्वतःचं दुखणं तपासायचं साधनही स्वतःचंच आहे. १२ ऑक्टोबर १९२०ला अमृत घेतलेली ‘खालच्या’ जातींची मंडळी जालियनवाला बागेतल्या सभेतून निघून कडाप्रसाद, म्हणजे शिऱ्याचा प्रसाद, घेऊन सुवर्णमंदिरात गेली. पुजाऱ्यांनी प्रसाद घ्यायला नकार दिला. वाद वाढला, शेवटी ठरलं की गुरूलाच विचारू. ग्रंथ मधूनच उघडायचा आणि जे पद समोर येईल ती आज्ञा, याला हुकमनामा म्हणतात. पद निघालं तिसऱ्या गुरूंचं: गुणहीनांना तो स्वतःच पदरात घेतो आणि सद्गुरूच्या सेवेला लावतो. पुजाऱ्यांपुढे बोलायला काही उरलं नाही, प्रसाद घ्यावा लागला. जमाव अकाल तख्ताकडे वळला तेव्हा तिथले पुजारी जागा सोडून निघून गेले. गुरुद्वारे महंतांच्या हातून समाजाच्या हाती आणणाऱ्या चळवळीला त्यातून जोर आला आणि त्याच वर्षी शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक समिती स्थापन झाली.

मी शीख नाही, गुरुद्वाऱ्यात गेलं तर चालतं का?

चालतं, आणि कुणी नाव-गाव विचारत नाही. २०११च्या जनगणनेत महाराष्ट्रात सव्वादोन लाखांच्या आसपास शीख होते, त्यामुळे मोठ्या शहरांत गुरुद्वारा शोधावा लागत नाही. डोकं झाकायचं, रुमाल नसेल तर दाराशी टोपलीत ठेवलेले असतात. चपला काढायच्या, हातपाय धुवायचे, विडी-सिगारेट-तंबाखू खिशातही न्यायची नाही. ग्रंथापुढे डोकं टेकवायचं की नाही हे तुमच्यावर. कडाप्रसाद म्हणजे कणीक, तूप, साखर समप्रमाणात परतलेला शिरा. तो ओंजळीत घ्यायचा. एका हाताने घेऊ नये. तूप भरपूर असतं, तेव्हा नव्या शर्टाला हात पुसायचा मोह आवरा.

लंगरात पानात घ्याल ते संपवा. जेवण झाल्यावर वेळ असेल तर भांडी घासायच्या रांगेत उभं राहता येतं, तिथेही ओळख लागत नाही. गुरुद्वाऱ्यात दिवसाकाठी जी अरदास, म्हणजे उभ्याने केलेली सामुदायिक प्रार्थना होते, तिची शेवटची ओळ तेवढी लक्ष देऊन ऐका: ‘नानक नाम चढ़दी कला, तेरे भाणे सरबत दा भला.’ नामाने मन उभारीत राहो आणि तुझ्या मर्जीने सगळ्यांचं भलं होवो. या ‘सगळ्यांत’ शीख नसलेलेही धरलेले असतात.